दुर्गम भागातील विमानसेवा आणि नॅन्सी बर्ड वॉल्टन : एक ऐतिहासिक आकलन

प्रस्तावना

विमानविद्येचा इतिहास बहुधा विक्रमांच्या अंगाने लिहिला गेला आहे. सर्वांत लांबचे उड्डाण, सर्वाधिक वेग, महासागर ओलांडणारा पहिला वैमानिक अशा नोंदींनी त्याची पाने भरलेली आहेत. परंतु विमानामुळे सामान्य माणसाच्या, विशेषतः दूरस्थ वस्त्यांवरील माणसाच्या, जीवनात कोणता बदल झाला, हा प्रश्न त्या मानाने उपेक्षित राहिला. ऑस्ट्रेलियातील आद्य महिला वैमानिकांपैकी एक असलेल्या नॅन्सी बर्ड वॉल्टन (१९१५–२००९) यांचे जीवनकार्य या दृष्टीने अभ्यासनीय आहे. त्यांना ‘अंतर्भागाचा देवदूत’ असे गौरवाने संबोधले जाते. या गौरवामागील प्रत्यक्ष कार्य, त्याची आर्थिक चौकट आणि तिच्या मर्यादा यांचा विचार करणे हा प्रस्तुत निबंधाचा उद्देश आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी

ऑस्ट्रेलियाची बहुतांश लोकसंख्या किनारपट्टीवर एकवटलेली आहे. अंतर्भागातील मेंढपाळी व गुरेपालनाची विस्तीर्ण क्षेत्रे मात्र विरळ वस्तीची. विसाव्या शतकाच्या प्रारंभी तेथे रस्ते कच्चे होते, पावसात ते बंद पडत आणि डॉक्टर शेकडो मैलांवर असे. या समस्येवर विमानाचा उपाय योजण्याचे श्रेय प्रामुख्याने धर्मोपदेशक जॉन फ्लिन (१८८०–१९५१) यांच्याकडे जाते. त्यांच्या प्रयत्नांतून मे १९२८ मध्ये क्वीन्सलँडमधील क्लॉनकरी येथून ‘फ्लाइंग डॉक्टर’ सेवा सुरू झाली. विमान व वैमानिक ‘क्वांटास’ या कंपनीचे होते आणि त्यापोटी मैलामागे २ शिलिंग दिले जात. पहिल्या वर्षात या सेवेने २२५ रुग्णांवर उपचार केले. पुढे आल्फ्रेड ट्रेगर यांनी पायाने चालवायचा पेडल रेडिओ तयार केल्यावर दूरच्या वस्तीवरून डॉक्टरांना हाक देणे शक्य झाले.

न्यू साउथ वेल्समध्ये वेगळ्या प्रकारचे काम चालू होते. मेथॉडिस्ट धर्मोपदेशक स्टॅन्ली ड्रमंड यांनी १९२४ मध्ये ‘फार वेस्ट’ बालआरोग्य योजना सुरू केली. अंतर्भागातील मुलांना सिडनीजवळच्या मॅनली येथे समुद्रकिनारी आणून त्यांच्यावर उपचार करणे हे तिचे मुख्य कार्य होते. नॅन्सी बर्ड यांचा संबंध याच योजनेशी आला.

जडणघडण

नॅन्सी बर्ड यांचा जन्म १६ ऑक्टोबर १९१५ रोजी न्यू साउथ वेल्समधील क्यू या छोट्या गावी झाला. लहान वयातच शाळा सोडून त्या वडिलांच्या व्यवसायात मदत करू लागल्या. १९३३ मध्ये सुप्रसिद्ध वैमानिक चार्ल्स किंग्सफर्ड स्मिथ यांनी सिडनीत सुरू केलेल्या उड्डाणशाळेत त्या दाखल झाल्या. (हेच किंग्सफर्ड स्मिथ नोव्हेंबर १९३५ मध्ये अलाहाबादहून सिंगापूरकडे जाताना अंदमान समुद्रावर बेपत्ता झाले.) वयाच्या १९ व्या वर्षी नॅन्सी बर्ड यांनी प्रवासी वाहून नेण्याचा व्यावसायिक परवाना मिळवला.

परवाना मिळाला तरी नोकरी मिळणे दुरापास्त होते. विमान कंपन्या स्त्रियांना वैमानिक म्हणून घेत नसत. अशा स्थितीत कुटुंबीयांच्या मदतीने घेतलेले ‘जिप्सी मॉथ’ विमान हेच त्यांचे भांडवल ठरले. १९३५ मध्ये पेगी मॅकिलप या सहकारी वैमानिक स्त्रीसह त्यांनी गावोगावच्या जत्रा व प्रदर्शनांमध्ये लोकांना पैसे घेऊन विमानातून फिरवून आणले. याच दौऱ्यात ड्रमंड यांची भेट झाली.

‘फार वेस्ट’ योजनेतील कार्य

ड्रमंड यांनी त्यांच्यावर सोपवलेले काम म्हणजे सिडनीपासून सुमारे ८०० किलोमीटरवरील बर्क हे केंद्र धरून बालसंगोपन परिचारिकेला वस्त्यावस्त्यांवर पोहोचवणे. आवश्यकता पडल्यास रुग्णालाही विमानातून नेले जाई. ‘जिप्सी मॉथ’ हे उघड्या बैठकीचे विमान या कामास अपुरे असल्याने त्यांनी पुढे बंदिस्त बैठकीचे ‘लेपर्ड मॉथ’ घेतले. रेडिओ नव्हता, विश्वसनीय नकाशे नव्हते. नद्या, कुंपणे व पायवाटा यांवरून दिशा ओळखावी लागे. धुळीची वादळे आणि उन्हाळ्यातील प्रखर उष्मा यांत एकटीने विमान चालवणे, त्याची देखभाल करणे व मोकळ्या मैदानावर ते उतरवणे हे सारे त्यांच्या दैनंदिन कामाचे भाग होते. हे काम समाधान देणारे पण एकाकी होते, असे त्या पुढे सांगत.

येथे एक भेद लक्षात घेणे आवश्यक आहे. ‘फ्लाइंग डॉक्टर’ सेवा प्रामुख्याने तातडीच्या प्रसंगी धावून जाणारी होती. परिचारिकेच्या फेऱ्या नियमित व प्रतिबंधात्मक स्वरूपाच्या होत्या. बाळाची वाढ, आहार, मातेच्या शंका या गोष्टी प्राण वाचवण्याइतक्या नाट्यमय नसतात आणि म्हणून इतिहासात त्यांची नोंद क्वचितच होते. परंतु आजार बळावण्यापूर्वीच आरोग्यसेवा घरापर्यंत नेणे हाही विमानाचा तितकाच क्रांतिकारक उपयोग होता.

‘देवदूत’ या प्रतिमेची चिकित्सा

‘देवदूत’ हे संबोधन आदर व्यक्त करते, पण त्याचबरोबर काही झाकूनही टाकते. देवदूताला वेतन लागत नाही, कर्ज फेडावे लागत नाही. नॅन्सी बर्ड यांना मात्र विमान स्वतः विकत घ्यावे लागले. क्लॉनकरीच्या व्यवस्थेत यंत्राची जोखीम कंपनीवर होती. बर्क येथे ती विशीतील एका तरुणीवर होती. पहिल्या व्यवस्थेत वैमानिक बदलला तरी सेवा चालू राहू शकत होती. दुसरीत विमान व वैमानिक एकच असल्याने सेवेचे भवितव्य व्यक्तीशी बांधलेले होते. पुढे त्यांनी क्वीन्सलँडमध्येही काम केले. डिसेंबर १९३६ मध्ये ब्रिस्बेन ते अ‍ॅडलेड हवाई शर्यतीत महिलांसाठीचा चषक जिंकला. परंतु दशक संपण्यापूर्वीच त्यांनी व्यावसायिक उड्डाण थांबवले. त्यांच्या धैर्यात उणीव नव्हती. उणीव होती ती धैर्याला आधार देणाऱ्या संस्थात्मक रचनेत.

उत्तरायुष्य

दुसऱ्या महायुद्धकाळात त्यांनी हवाई दलास साहाय्यभूत ठरतील अशा कौशल्यांचे प्रशिक्षण स्त्रियांना दिले. १९५० मध्ये त्यांनी ऑस्ट्रेलियन महिला वैमानिक संघटनेची स्थापना केली. एकटीने सोसलेल्या अडचणींना सामूहिक उत्तर शोधण्याचा हा प्रयत्न म्हणता येईल. १९९० मधील त्यांच्या आत्मचरित्राचे ‘माय गॉड! इट्स अ वुमन’ हे शीर्षकच तत्कालीन समाजाच्या आश्चर्याची साक्ष देते. १३ जानेवारी २००९ रोजी त्यांचे निधन झाले. २०१९ मध्ये सिडनीच्या पश्चिमेकडील नियोजित विमानतळास त्यांचे नाव देण्याचे जाहीर झाले.

समारोप

वरील विवेचनावरून असे दिसून येते की, दुर्गम भागातील विमानसेवेच्या इतिहासात साहसी व्यक्तीइतकेच महत्त्व तिच्यामागे उभ्या असलेल्या, अथवा उभ्या नसलेल्या, व्यवस्थेला आहे. नॅन्सी बर्ड वॉल्टन यांचा गौरव करताना त्यांना श्रम करणारी, जोखीम पत्करणारी आणि मोबदल्याचा हक्क असणारी व्यावसायिक वैमानिक म्हणून ओळखणे हाच त्यांना खरा न्याय ठरेल. दूरस्थ समाजापर्यंत सेवा पोहोचवण्याचा भार एखाद्या ध्येयवेड्या व्यक्तीवर सोपवून समाजाने निश्चिंत व्हावे का, हा त्यांच्या चरित्रातून उभा राहणारा प्रश्न केवळ ऑस्ट्रेलियापुरता मर्यादित नाही.