पासिंग: कागदाचं आणि ब्रेकचं

पावण्याच्या औद्योगिक पट्ट्यात ‘पासिंग’ हा शब्द शाळेतल्या परीक्षेसाठी वापरत नाहीत. ‘गाडी पासिंगला गेलीय’ असं ड्रायव्हर म्हणतो, तेव्हा ती आर.टी.ओ.च्या तपासणीला गेलेली असते. कायद्याच्या भाषेत योग्यता प्रमाणपत्र. ठाणे-बेलापूर रस्त्यावर रसायनांचे टँकर आणि कामगारांच्या बसेस शेजारीशेजारी धावतात. त्या टँकरचा ब्रेक वेळेवर लागेल, याची आपल्यापाशी असलेली सरकारी हमी म्हणजे हा कागद.

ही तपासणी १९३९च्या मोटार वाहन कायद्यातही होती. १ जुलै १९८९पासून १९८८चा कायदा लागू झाला. त्यात योग्यतेचं कलम ५६ आणि गाडीत बदल करण्याविषयीचं ५२. या दोन कलमांच्या मधोमध आपला मिस्त्री उभा असतो. कंपनी पुष्कळदा चासीच देते. हौदा, फाळके, टाकी बाहेर बांधली जाते. माल मावेना की हौदा लांबवायचा, वजन पेलेना की स्प्रिंगला एक पाटा वाढवायचा, ही विद्या उस्तादाकडून पोऱ्याकडे आलेली. तिच्यात हुन्नर आहे, यात शंका नाही. पण पाटा वाढवल्यानं ब्रेकची ताकद वाढत नाही. तो मूळ वजनाच्या हिशेबानंच बसवलेला असतो.

आरंभी नोंदणी अधिकाऱ्याची मंजुरी घेऊन बदल करता येत असे. २००० साली कलम ५२ बदललं. निर्मात्यानं ठरवलेल्या मूळ तपशिलाशी विसंगत ठरेल असा बदल करायचा नाही, असा दंडक आला. इंधन बदलायला मात्र वाट ठेवली. ती मुंबईकरांच्या ओळखीची. धुराविरुद्धच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयानं आदेश दिले आणि जुन्या काळ्या-पिवळ्या टॅक्सींच्या डिकीत सी.एन.जी.ची टाकी येऊन बसली.

तरीही वाद संपला नाही. राज्याच्या नियमानुसार गाडीचा ढाचा बदलता येतो, असं केरळ उच्च न्यायालयानं म्हटलं होतं. ९ जानेवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल रद्द केला. रंग बदला, किरकोळ साहित्य बसवा. मूळ रचनेला हात लावू नका, असा त्याचा मथितार्थ. त्याच वर्षी कायद्यात पुन्हा दुरुस्ती झाली. बेकायदा बदल करणाऱ्या मालकाला प्रत्येक बदलामागे पाच हजार रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही आलं. अपंगांसाठी गाडी बदलून घेण्याची सोय मात्र राखली गेली.

आता या निकालांशेजारी दुसरा खटला ठेवून पाहा. श्रीकांत कर्वे यांच्या जनहित याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयानं २०१६ साली बजावलं, की ब्रेक तपासायला अडीचशे मीटरचा ट्रॅक हवा. म्हणजे तोवर कित्येक ठिकाणी ट्रॅकवाचूनच गाड्या ‘योग्य’ ठरत होत्या! २०१७ साली ट्रॅक नसलेल्या कार्यालयांना प्रमाणपत्रं देण्यास न्यायालयानं मनाई केली, तेव्हा कुठे धावपळ सुरू झाली.

केरळच्या खटल्यात प्रश्न होता, गाडी मूळ तपशिलासारखी आहे का? मुंबईच्या खटल्यात होता, गाडी थांबते का? पहिल्याचं उत्तर आर.सी. बुक उघडून मिळतं. दुसऱ्यासाठी गाडी चालवावी लागते, ब्रेक दाबावा लागतो. मिस्त्रीनं मारलेलं वेल्डिंग डोळ्यांना दिसतं, म्हणून तो लगेच सापडतो. न तपासता मारलेला शिक्का खऱ्या शिक्क्यासारखाच दिसतो.

मिस्त्रीला मोकाट सोडा, असं मी म्हणत नाही. कंपन्यांच्या नव्या गाड्यांची चाचणी घ्यायला पुण्यात १९६६पासून ए.आर.ए.आय. आहे. पण पावण्यातल्या एका गॅरेजात वाढवलेला पाटा तिथे कोण घेऊन जाणार? त्याला जवळपास कुठेतरी विचारता यावं, ‘हे चालेल का?’ आणि नाही म्हणणाऱ्यानं कारण सांगावं. संध्याकाळी पाळी सुटल्यावर हा रस्ता सायकल हातात धरून ओलांडणाऱ्या कामगाराला कलम ५२ ठाऊक नसतं. समोरचा टँकर थांबेल, एवढ्या भरवशावर तो पाऊल टाकतो.