घाटाखालचा कोरकू

अकोटहून पोपटखेडच्या वाटेनं नरनाळ्याकडे निघालं की कपाशीची शेतं मागं पडतात आणि सातपुडा समोर उभा राहतो. घाटाच्या पायथ्याशी कोरकू राहतात, वर मेळघाटातही राहतात. बोली एक, देव एक, सोयरीकही आपसातच. तरीही कायद्यानं कित्येक वर्षं त्यांना वेगळं मानलं. मी वऱ्हाडातच वाढलो, पण ही गोष्ट मला फार उशिरा कळली.

मूळ इंग्रजी अमलात आहे. १८५३ साली वऱ्हाडचा कारभार निजामाकडून इंग्रजांकडे आला. पुढे १९३५ च्या कायद्याखाली, १९३६ मध्ये, आदिवासी मुलखांची यादी निघाली. या ‘अंशतः वगळलेल्या’ मुलखांत प्रांताचे कायदे आपोआप लागू होत नसत, गव्हर्नरचा हुकूम लागे. अमरावती जिल्ह्यातून त्या यादीत एकच नाव होतं, मेळघाट तालुका. कारभाराच्या सोयीसाठी ओढलेली ती रेषा होती. माणसं मात्र रेषेच्या दोन्ही बाजूंना होती.

स्वराज्य आलं आणि रेषा अधिकच ठळक झाली. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशात जमातीच्या नावाबरोबर तिचा मुलूखही नेमून दिला होता. अमरावती जिल्ह्यात तो फक्त मेळघाट, अकोला जिल्ह्यात कुठलाच नाही. म्हणजे धारणीचा कोरकू अनुसूचित जमातीचा, पण अकोट किंवा अचलपूरचा कोरकू नव्हे. धारणीची लेक अकोटला दिली, की तिच्या मुलांना ना आदिवासी म्हणून शिष्यवृत्ती, ना राखीव जागा. मामा आदिवासी, भाचा नाही!

हे क्षेत्रबंधन १९७६ च्या कायद्यानं उठलं आणि २७ जुलै १९७७ पासून तो अमलात आला. मधल्या जवळजवळ २७ वर्षांत एका पिढीचं शाळेचं वय निघून गेलं. त्याची भरपाई कुणी करायची?

माणसांवरची रेषा पुसली, जमिनीवरची राहिली. अमरावती जिल्ह्यात आजही अनुसूचित क्षेत्र म्हणजे धारणी आणि चिखलदरा हे दोनच तालुके. अकोल्यात ते नाहीच. त्यामुळे १९९६ च्या ‘पेसा’ कायद्यानं आदिवासी ग्रामसभेला दिलेले अधिकारही तिथंच थांबतात. व्याघ्र प्रकल्पातून उठवलेली काही गावं अकोट तालुक्यात वसली आहेत. तिथल्या ग्रामसभेला ते अधिकार नाहीत.

नकाशा बदलायला एक सही पुरते. घाटाखालच्या कोरकूनं तिची वाट आणखी किती पिढ्या पाहायची?