दंड सरकारजमा, भरपाई कोणाकडे?

गुन्हा शाबीत झाला, आरोपी तुरुंगात गेला, तरी ज्याचा हात मोडला किंवा ज्याच्या घरचा कर्ता गेला त्याच्या पदरी काय पडले, हा प्रश्न आपल्याकडे नवा नाही. दुसऱ्यास जखमी करणाऱ्याने तो बरा होण्याचा खर्च सोसावा, असे मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात सांगितले असून त्या खर्चाला ‘समुत्थानव्यय’ असा नेमका शब्द आहे. याज्ञवल्क्यस्मृतीतही हा नियम आहे. त्या स्मृतीवर विज्ञानेश्वराने मिताक्षरा टीका लिहिली ती चालुक्यांच्या कल्याणात, म्हणजे आजच्या बीदर जिल्ह्यातील बसवकल्याणात. वारसाहक्काच्या वादांमुळे मिताक्षरेचे नाव आपल्या घरांतून ऐकलेले असते. तिचा हा भाग सहसा कोणी उघडत नाही.

त्याहून जुन्या धर्मसूत्रांत मनुष्यवधाचा मोबदला गाईंत मोजला आहे : क्षत्रियासाठी हजार, वैश्यासाठी शंभर, शूद्रासाठी दहा. माणसाचे मोल वर्णावर ठरविणारा हा हिशेब वाचताना मन विटते, पण तो झाकून ठेवण्यात अर्थ नाही. आपस्तंब या गाई वैर फेडण्यासाठी म्हणतो; बौधायन त्या राजाला द्यावयास सांगतो. वैर फेडायचे तर गाई मृताच्या दारी बांधल्या जावयास हव्यात. राजाकडे गेल्या की तो दंड झाला.

इंग्रजी अमदानीत कायद्याने राजाचीच बाजू उचलली. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४५ अन्वये, दंड झाला असेल तरच त्यातून पीडिताला काही देता येई आणि तेही दिवाणी न्यायालयात त्याला भरीव भरपाई मिळू शकेल असे वाटल्यास. १९७३ च्या संहितेतील कलम ३५७ ने ही गाठ सोडविली. दंडाची शिक्षा नसतानाही स्वतंत्र भरपाईचा हुकूम करता येऊ लागला आणि त्या रकमेला कमाल मर्यादा ठेवली नाही. तरीही न्यायालयांचा हात आखडताच राहिला. हरिसिंग खटल्यात १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने, वाचा कायमची बिघडलेल्या जखमीस पन्नास हजार रुपये देवविले आणि हा अधिकार सढळपणे वापरण्यास सांगितले. पुढे महाराष्ट्रातून गेलेल्या अंकुश शिवाजी गायकवाड खटल्यात, २०१३ मध्ये, भरपाईचा विचार केलाच पाहिजे आणि ती दिली वा नाकारली तरी कारणे नोंदविली पाहिजेत, असे बजावले गेले.

हुकूम झाला, वसुलीचे काय? अपिलाची मुदत संपेपर्यंत, किंवा अपील झाले असल्यास त्याचा निकाल लागेपर्यंत, दंडातून द्यावयाची भरपाई देता येत नसे. त्यानंतर वाटा दोन. एक, जंगम मालाची जप्ती व विक्री. दुसरी, जिल्हाधिकाऱ्याच्या नावे वॉरंट, म्हणजे जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुली. शेतसाऱ्याच्या थकबाकीदारास एरवी अटक करता येते. या वॉरंटावर मात्र अटकेस मनाई आहे. ज्यांनी तहसिलीत दिवस काढले त्यांना पुढचे सांगावयास नको. आमच्या इकडे ‘कुर्की’ म्हणतात ती करावयास कर्मचारी गावी पोचतो तेव्हा बैल भावाचे, घर बायकोचे आणि सातबाऱ्याच्या जागी असलेला खसरा काकाच्या नावे निघतो. महसुलाची उद्दिष्टे दरमहा विचारली जातात. परक्याच्या भरपाईचे वॉरंट विचारणारा एक तो परकाच.

म्हणून न्यायालये, पैसे न भरल्यास इतके महिने कैद, असे जोडू लागली. त्यातून काही आरोपींनी सोयीचा अर्थ काढला : कैद भोगली, देणे फिटले. २०१७ मध्ये कुमारन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो खोडून काढला. कैद भोगल्यानंतरही भरपाईची रक्कम वसूल करता येते, असा तो निर्णय. माझ्या मते १९८८ च्या निकालाहून याचे मोल अधिक आहे, कारण तो पैसा हाती पडण्याविषयी बोलतो. हा खटला धनादेश न वटल्याचा होता, हेही ध्यानात घ्यावे. अशा धनादेश-खटल्यांत २०१८ पासून निकालाआधीच रकमेच्या वीस टक्क्यांपर्यंत हंगामी भरपाई मिळू शकते. व्यापाऱ्याला जी सोय झाली, ती मारहाणीत हात गमावलेल्या मजुराला मात्र अद्याप नाही.

आरोपीकडे काहीच नसेल तर? चोरीचा माल सापडला नाही तर राजाने आपल्या कोशातून भरून द्यावा, असे गौतम धर्मसूत्र सांगते. तीच जबाबदारी कलम ३५७-अ ने २००९ च्या अखेरीस राज्य शासनांवर, पीडितांसाठी योजनेच्या रूपाने घातली. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत या कलमांचे क्रमांक ३९५ व ३९६ झाले. वसुलीच्या वाटा मात्र त्याच दोन राहिल्या आणि दुसरी आजही तहसिलीतूनच जाते.