आयडा बी. वेल्स : झुंडबळींचा हिशेब मांडणाऱ्या पत्रकार

आयडा बी. वेल्स (१८६२–१९३१) या अमेरिकेतील कृष्णवर्णीय पत्रकार आणि संपादक होत्या. जमावाने कायदा हातात घेऊन एखाद्याला ठार मारणे, यालाच ‘लिंचिंग’ किंवा मराठीत झुंडबळी म्हणतात. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत असे प्रकार सर्रास घडत आणि त्यांचे उघड समर्थनही होई. ते समर्थन खोटे आहे, हे वेल्स यांनी गोऱ्यांच्याच वृत्तपत्रांतील माहितीवरून सिद्ध केले. या लढ्याच्या सुरुवातीलाच त्यांचे वृत्तपत्र गेले आणि शहरही सुटले.

सुरुवातीचे आयुष्य

वेल्स यांचा जन्म १६ जुलै १८६२ रोजी मिसिसिपी राज्यातील हॉली स्प्रिंग्ज येथे झाला. आई-वडील गुलाम असल्याने त्याही जन्माने गुलामच होत्या. यादवी युद्धानंतर, १८६५ मध्ये देशभरातील गुलामगिरी संपली. १८७८ च्या पीतज्वराच्या साथीत आई, वडील आणि तान्हा भाऊ दगावले. सोळा वर्षांच्या आयडा यांनी शाळेत शिकवण्याची नोकरी धरली आणि धाकट्या भावंडांना सांभाळले. पुढे त्या टेनेसी राज्यातील मेम्फिस शहरात आल्या.

रेल्वेच्या पहिल्या वर्गाचे तिकीट असूनही त्यांना डब्यातून जबरदस्तीने बाहेर काढण्यात आले. त्यांनी कंपनीवर खटला भरला आणि डिसेंबर १८८४ मध्ये ५०० डॉलरची भरपाई मिळवली. मात्र १८८७ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल फिरवला. या काळात त्या ‘आयोला’ या टोपणनावाने कृष्णवर्णीयांच्या वृत्तपत्रांत लिहीत होत्या. १८८९ मध्ये त्या मेम्फिसमधील ‘फ्री स्पीच’च्या संपादक आणि भागीदार मालक झाल्या. कृष्णवर्णीय मुलांच्या शाळांची दुरवस्था त्यांनी छापली आणि १८९१ मध्ये त्यांची शिक्षिकेची नोकरी गेली.

मेम्फिसमध्ये १८९२ साली काय घडले?

वेल्स यांचे मित्र थॉमस मॉस हे पोस्टमन होते. त्यांनी काही सहकाऱ्यांसोबत ‘पीपल्स ग्रोसरी’ नावाचे किराणा दुकान काढले होते. दुकान चांगले चालू लागले आणि जवळच्या गोऱ्या दुकानदाराची मक्तेदारी मोडली. त्यातून वाद वाढला. एका रात्री शस्त्रधारी माणसे दुकानावर चालून आली, गोळीबार झाला आणि काही गोरे जखमी झाले. मॉस, कॅल्विन मॅकडॉवेल आणि विल स्टुअर्ट यांना अटक झाली. ९ मार्च १८९२ रोजी जमावाने तिघांना तुरुंगातून ओढून नेले आणि गोळ्या घालून ठार केले. याबद्दल कोणालाही शिक्षा झाली नाही.

कृष्णवर्णीय पुरुष गोऱ्या स्त्रियांवर बलात्कार करतात, म्हणून संतापलेला जमाव त्यांना मारतो, असे तेव्हा सांगितले जाई. आधी आपलाही काहीसा असाच समज होता, असे वेल्स यांनी आत्मचरित्रात नमूद केले आहे. पण मॉस यांच्यावर तसा आरोपही नव्हता. मग बाकीच्या घटनांचे काय, हा प्रश्न त्यांना पडला.

‘फ्री स्पीच’ने कृष्णवर्णीयांना मेम्फिस सोडण्याचा सल्ला दिला. हजारो लोक पश्चिमेकडे निघून गेले. मागे राहिलेल्यांनी ट्रामवर बहिष्कार घातला. उत्पन्न घटल्याने ट्राम कंपनीचे अधिकारी विनवणी करायला थेट वेल्स यांच्या कार्यालयात आले. त्यांच्याशी झालेले बोलणेही वेल्स यांनी छापून टाकले.

मे महिन्यात त्यांनी अग्रलेखात बलात्काराच्या आरोपाला थेट ‘खोटे’ म्हटले. असे अनेक संबंध दोघांच्या संमतीने असतात, असेही सूचित केले. लेख पुरुषाने लिहिला असावा असे समजून गोऱ्यांच्या वृत्तपत्रांनी लेखकाला धमक्या दिल्या. जमावाने ‘फ्री स्पीच’चे कार्यालय उद्ध्वस्त केले. वेल्स त्या वेळी शहराबाहेर होत्या. परत आलात तर जीव जाईल, असा निरोप त्यांना मिळाला. त्या न्यूयॉर्कमध्ये राहून ‘न्यूयॉर्क एज’मध्ये लिहू लागल्या.

आकड्यांची पद्धत

‘सदर्न हॉरर्स’ (१८९२) आणि ‘द रेड रेकॉर्ड’ (१८९५) या वेल्स यांच्या सर्वांत महत्त्वाच्या पुस्तिका. कृष्णवर्णीय बाईच्या साक्षीवर कोणी विश्वास ठेवणार नाही, हे त्यांना ठाऊक होते. म्हणून त्यांनी ‘शिकागो ट्रिब्यून’ने जमवलेल्या याद्या आधाराला घेतल्या. त्यानुसार १८९२ मध्ये २४१ जणांचे झुंडबळी गेले आणि त्यांतले १६० कृष्णवर्णीय होते. आठ वर्षांत जमावाने मारलेल्या ७२८ कृष्णवर्णीयांपैकी जेमतेम एकतृतीयांश लोकांवर बलात्काराचा नुसता आरोप होता. इतरांवर खून, चोरी, जाळपोळ किंवा गोऱ्यांचा अपमान असे आरोप होते. काहींवर तर कसलाच आरोप नव्हता.

आकड्यांवरच न थांबता त्या काही ठिकाणी स्वतः गेल्या. मिसिसिपीतील एका प्रकरणात शेरीफच्या लहान मुलीवर अत्याचार झाल्याची बातमी होती. वेल्स यांनी तिथे जाऊन पाहिले, तर ती मुलगी सतरा वर्षांहून मोठी होती.

१८९३ आणि १८९४ मध्ये त्यांनी ब्रिटनमध्ये व्याख्याने दिली. दक्षिणेतील कापसाचे ब्रिटन मोठे गिऱ्हाईक होते, त्यामुळे तिथल्या जनमताला वजन होते. अमेरिकेतील अनेक वृत्तपत्रांनी मात्र वेल्स यांची बदनामी केली.

शिकागोतील कार्य

१८९५ मध्ये त्यांनी वकील आणि ‘कॉन्झर्व्हेटर’ या वृत्तपत्राचे संस्थापक फर्डिनंड बार्नेट यांच्याशी विवाह केला आणि त्या शिकागोत स्थायिक झाल्या. १९०९ मध्ये इलिनॉय राज्यातील कैरो येथे झुंडबळीची घटना घडली. कैदी जमावाच्या हाती लागला तर शेरीफचे पद जाईल, असा त्या राज्याचा कायदा होता. पदावरून गेलेल्या शेरीफला पुन्हा नेमण्याची खटपट सुरू झाली, तेव्हा वेल्स यांनी कैरोला जाऊन माहिती गोळा केली आणि गव्हर्नरपुढे बाजू मांडली. शेरीफची पुनर्नियुक्ती झाली नाही.

एनएएसीपी या नागरी हक्क संघटनेच्या स्थापनेत त्यांचा सहभाग होता. १९१३ मध्ये वॉशिंग्टनमध्ये महिलांच्या मताधिकारासाठी मोर्चा निघाला. त्यात कृष्णवर्णीय स्त्रियांनी मागे चालावे, ही सूचना त्यांनी झुगारली आणि त्या इलिनॉयच्या तुकडीतच सामील झाल्या. आर्कान्सामधील १९१९ च्या हिंसाचारानंतर बारा कृष्णवर्णीयांना फाशीची शिक्षा झाली. तब्बल तीन दशकांनी दक्षिणेत पाऊल ठेवून वेल्स तुरुंगात त्यांना भेटल्या आणि १९२० मध्ये त्यांची बाजू पुस्तिकेत मांडली. मुख्यतः एनएएसीपीने लढवलेल्या न्यायालयीन लढाईनंतर बाराही जण सुटले.

मृत्यूनंतरची दखल

२५ मार्च १९३१ रोजी शिकागोत त्यांचे निधन झाले. त्यांचे अपूर्ण आत्मचरित्र कन्या आल्फ्रेडा डस्टर यांच्या संपादनाखाली १९७० मध्ये प्रसिद्ध झाले. २०२० मध्ये त्यांना मरणोत्तर पुलित्झर विशेष सन्मान मिळाला. झुंडबळीला केंद्रीय गुन्हा ठरवणारा कायदा मात्र अमेरिकेत मार्च २०२२ मध्ये झाला. तोपर्यंत मॉस यांच्या हत्येला १३० वर्षे झाली होती.