फ्लॅश हायडर आणि अमेरिकेचा १९९४ चा बंदीकायदा
रायफलच्या नळीच्या टोकावरचा, गोळीमागून येणाऱ्या जळत्या वायूचा भडका कमी करणारा खाचांचा धातूचा भाग. अमेरिकेच्या १९९४ च्या संघीय कायद्याने सुट्या मॅगझिनच्या नव्या अर्धस्वयंचलित रायफलींवर ठरावीक पाचपैकी दोन वैशिष्ट्ये असल्यास बंदी घातली. फ्लॅश हायडर किंवा त्यासाठी आटे पाडलेली नळी हे त्यांतले एक. उत्पादकांनी हायडर व संगिनीची खुंटी काढली, पिस्तुलासारखी मूठ हे एकच वैशिष्ट्य राखले आणि रायफल कायदेशीर ठरली. हायडरमुळे अंधारात नेमबाज लपतो, हा बंदीसमर्थकांचा मुद्दा अगदीच पोकळ नाही. पण हायडरचा मुख्य उपयोग नेमबाजाचे डोळे दिपू न देणे हा आहे. तो काढल्याने माऱ्याची गती घटत नाही. म्हणून २००४ मध्ये मुदत संपलेल्या या कायद्यात मारकतेला थेट भिडणारे कलम १० गोळ्यांच्या मॅगझिन-मर्यादेचेच म्हणावे लागते.