शीळफाट्याचा बोगदा आणि चीनचा पायाभूत विकास : भांडवल, यंत्र आणि स्वायत्तता यांचा एक ऐतिहासिक विचार

प्रस्तावना

ठाणे जिल्ह्यातील शीळफाटा हे मुंब्रा, पनवेल, कल्याण आणि महापे या चारही दिशांचे रस्ते एकत्र येण्याचे ठिकाण होय. जवाहरलाल नेहरू बंदरातून भिवंडी व नाशिककडे जाणारी कंटेनरची वाहतूक आणि कल्याण-डोंबिवलीतून नवी मुंबईकडे जाणारा नोकरदार वर्ग यांचा भार हा फाटा अनेक वर्षे वाहत आला आहे. मुंबई-अहमदाबाद अतिजलद रेल्वे प्रकल्पामुळे या स्थानाला आता आणखी एक ओळख प्राप्त झाली आहे. वांद्रे-कुर्ला संकुलापासून निघणारा सुमारे २१ किलोमीटर लांबीचा बोगदा शीळफाट्यापाशी जमिनीवर येतो. या बोगद्याचा सुमारे ७ किलोमीटरचा भाग ठाणे खाडीखालून जातो.

हा प्रकल्प जपानी कर्जावर आणि जपानी रेल्वेतंत्रावर उभा आहे. वरवर पाहता त्याचा चीनशी काही संबंध दिसत नाही. तथापि बोगद्याच्या बांधणीचा इतिहास पाहिल्यास चीनच्या पायाभूत विकासाची छाया त्यावर स्पष्टपणे पडलेली आढळते. पायाभूत प्रकल्पांच्या संदर्भात स्वायत्ततेची चर्चा बहुधा 'पैसा कोणाचा?' या प्रश्नाभोवती फिरते. शीळफाट्याचे उदाहरण मात्र 'यंत्र कोठे तयार होते?' हा दुसरा, आणि काही वेळा अधिक निर्णायक, प्रश्न पुढे आणते. प्रस्तुत लेखात या दुसऱ्या प्रश्नाच्या अनुषंगाने चीनच्या देशांतर्गत व परदेशातील पायाभूत विकासाचा आणि मुंबई-ठाणे परिसराशी आलेल्या त्याच्या संबंधाचा विचार केला आहे.

पारसिकचा डोंगर आणि आयात यंत्रांची परंपरा

शीळफाट्याच्या पश्चिमेस उभी असलेली पारसिकची डोंगररांग भारतीय रेल्वेच्या इतिहासात आरंभापासून आहे. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे ही पहिली प्रवासी गाडी धावली. १ मे १८५४ रोजी लोहमार्ग कल्याणपर्यंत पोहोचला तो ठाणे खाडीवरील पूल ओलांडून आणि पारसिकच्या डोंगरातील बोगद्यांतून. पुढे १९१६ साली याच डोंगरातून सुमारे १.३ किलोमीटर लांबीचा पारसिक बोगदा खुला झाला.

या सर्व कामांत श्रम येथील होते, परंतु रूळ, इंजिने व अभियांत्रिकी ज्ञान ब्रिटनमधून येत होते. रेल्वे कंपन्यांच्या भांडवलावर सरकारने परताव्याची हमी दिलेली होती. म्हणजे जोखीम वसाहतीतील करदात्याची आणि यंत्रनिर्मितीचा लाभ महानगरी देशाचा, अशी विभागणी होती. स्वातंत्र्योत्तर काळात चित्तरंजन व पेरांबूर येथील कारखान्यांनी इंजिने आणि डबे यांबाबतचे परावलंबन बऱ्याच अंशी दूर केले. बोगदा खोदणाऱ्या अवजड यंत्रांच्या बाबतीत मात्र तसे घडले नाही.

चीनची देशांतर्गत वाटचाल : ग्राहक ते उत्पादक

या क्षेत्रात चीनही एकेकाळी केवळ ग्राहक होता. शिआन-आनकांग लोहमार्गावरील सुमारे १८ किलोमीटर लांबीच्या छिनलिंग बोगद्यासाठी १९९७ च्या सुमारास चीनने जर्मनीतील विर्थ कंपनीची दोन यंत्रे विकत घेतली. त्यानंतर २००२ मध्ये 'टनेल बोअरिंग मशीन' म्हणजेच टीबीएमच्या विकासाचा समावेश '८६३' या राष्ट्रीय उच्च तंत्रज्ञान कार्यक्रमात करण्यात आला. २००८ मध्ये चीनमध्येच तयार झालेले यंत्र तिआनजिन मेट्रोच्या भुयारी कामासाठी वापरले गेले. पुढे याच परंपरेतील चिनी कंपनीने विर्थची कठीण खडकातील यंत्रांसंबंधीची बौद्धिक संपदा विकत घेतली. अवघ्या दीड दशकात ग्राहकाने विक्रेत्याचे ज्ञानच हस्तगत केले.

अतिजलद रेल्वेच्या बाबतीतही हाच क्रम दिसतो. २००४ मध्ये चीनच्या रेल्वे मंत्रालयाने कावासाकी, अल्स्टॉम, बॉम्बार्डियर आणि नंतर सीमेन्स या कंपन्यांशी तंत्रज्ञान हस्तांतरणाच्या अटीवर करार केले. १ ऑगस्ट २००८ रोजी बीजिंग-तिआनजिन मार्ग सुरू झाला. २०११ मध्ये १,३१८ किलोमीटरचा बीजिंग-शांघाय मार्ग खुला झाला. २०२४ च्या अखेरीस या जाळ्याची लांबी सुमारे ४८ हजार किलोमीटरवर पोहोचली.

या यशामागील महत्त्वाचे कारण मागणीच्या एकत्रीकरणात आहे. संपूर्ण देशाची खरेदी एका मंत्रालयाच्या हाती असल्याने परदेशी कंपन्यांना बाजारपेठ हवी असेल तर ज्ञान द्यावे लागेल, अशी अट घालता आली. एकामागून एक शहरांत मेट्रोची कामे निघत गेल्याने देशी कारखान्यांना अखंड मागणी मिळाली. यंत्रनिर्मिती ही प्रकल्पांच्या सातत्यातून उभी राहिली; एखाद्या भव्य प्रकल्पातून ती उभी राहिली नसती.

देशाबाहेरील विस्तार : ताझारा ते जकार्ता

चीनने परदेशात पायाभूत प्रकल्प उभारण्याची परंपरा २०१३ मध्ये जाहीर झालेल्या 'पट्टा आणि मार्ग' उपक्रमाहून बरीच जुनी आहे. टांझानिया आणि झांबिया यांना जोडणारा १,८६० किलोमीटरचा ताझारा लोहमार्ग १९७० ते १९७५ या काळात चीनच्या बिनव्याजी कर्जातून बांधला गेला. पाश्चात्त्य देशांनी या प्रकल्पास नकार दिला होता. स्वतः दरिद्री असलेल्या चीनने तो राजकीय मैत्रीपोटी स्वीकारला.

एकविसाव्या शतकातील प्रकल्पांचे स्वरूप याहून वेगळे आहे. श्रीलंकेतील हंबनटोटा बंदर २०१७ मध्ये ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने चिनी कंपनीकडे गेले. मात्र शीळफाट्याच्या संदर्भात अधिक बोधक उदाहरण इंडोनेशियाचे आहे. जकार्ता-बांडुंग अतिजलद रेल्वेसाठी जपान व चीन यांच्यात स्पर्धा होती. सप्टेंबर २०१५ मध्ये इंडोनेशियाने चीनचा प्रस्ताव स्वीकारला, कारण त्यात सरकारी हमीची अट नव्हती. त्यानंतर तीनच महिन्यांनी, डिसेंबर २०१५ मध्ये, भारत व जपान यांच्यात मुंबई-अहमदाबाद प्रकल्पाचा करार झाला. प्रकल्पखर्चाच्या सुमारे ८१ टक्के कर्ज, ०.१ टक्के व्याज, ५० वर्षांची मुदत आणि परतफेडीस १५ वर्षांची सवलत अशा या अटी होत्या. इतक्या उदार अटींमागे इंडोनेशियातील अपयशाची पार्श्वभूमी होती, असे मानण्यास जागा आहे. म्हणजे चीन प्रत्यक्ष सहभागी नसतानाही त्याच्या स्पर्धेचा परिणाम भारताला मिळालेल्या व्याजदरावर झाला.

१४२ किलोमीटरचा जकार्ता-बांडुंग मार्ग ऑक्टोबर २०२३ मध्ये सुरू झाला. भारतातील ५०८ किलोमीटरच्या मार्गाची पायाभरणी १४ सप्टेंबर २०१७ रोजी झाली होती आणि तो इंडोनेशियाचा मार्ग धावू लागला तेव्हा बांधकामावस्थेतच होता. तथापि इंडोनेशियातील खर्च मूळ अंदाजापेक्षा बराच वाढून ७ अब्ज डॉलरच्या पुढे गेला आणि २०२१ मध्ये सरकारी निधी वापरण्यास परवानगी द्यावी लागली. 'हमी नको' हे आकर्षण शेवटी टिकले नाही.

मुंबई-ठाणे परिसरातील चिनी सहभाग

१५ जून २०२० रोजी गलवान खोऱ्यात झालेल्या संघर्षानंतर भारताचे धोरण कडक झाले. त्याच महिन्यात मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने मोनोरेलच्या दहा गाड्यांची निविदा रद्द केली; तिला केवळ दोन चिनी कंपन्यांनी प्रतिसाद दिला होता. २३ जुलै २०२० रोजी केंद्र सरकारने सामान्य वित्तीय नियमांत दुरुस्ती करून भारताला भूसीमा लागून असलेल्या देशांतील निविदाकारांना पूर्वनोंदणी बंधनकारक केली.

प्रत्यक्षातील चित्र मात्र संमिश्र होते. मुंबई मेट्रो मार्गिका ३ च्या भुयारी कामांत शांघाय टनेल इंजिनिअरिंग आणि चायना रेल्वे टनेल ग्रुप या कंपन्या भारतीय कंपन्यांच्या भागीदार होत्या. मुंबईच्या सागरी किनारा मार्गाचे जुळे बोगदे खोदणारे 'मावळा' हे १२.१९ मीटर व्यासाचे यंत्रही चीनमध्येच तयार झालेले होते. ११ जानेवारी २०२१ रोजी, म्हणजे गलवाननंतर सात महिन्यांनी, त्याने खोदकामास आरंभ केला. एका मराठी वीरपरंपरेचे नाव धारण करणारे यंत्र चिनी बनावटीचे असावे, यात या काळातील अंतर्विरोध सामावलेला आहे.

कर्जाच्या क्षेत्रातही हेच घडले. ऑगस्ट २०२० मध्ये मुंबई नागरी वाहतूक प्रकल्पाच्या तिसऱ्या टप्प्यासाठी ५० कोटी डॉलरच्या कर्जाचा करार आशियाई पायाभूत गुंतवणूक बँकेशी करण्यात आला. या टप्प्यात ऐरोली-कळवा जोडमार्ग व पनवेल-कर्जत मार्ग यांचा समावेश आहे. बँकेचे मुख्यालय बीजिंगमध्ये असून चीन हा तिचा सर्वांत मोठा, तर भारत दुसऱ्या क्रमांकाचा भागधारक आहे. निविदेवरील निर्बंध आणि कर्जकरार या दोहोंत जेमतेम एक महिन्याचे अंतर होते. यास विसंगती म्हणण्यापेक्षा परस्परावलंबनाची अपरिहार्यता म्हणणे अधिक योग्य ठरेल.

एक बोगदा, दोन पद्धती

शीळफाट्याचा बोगदा दोन भिन्न पद्धतींनी बांधण्याचे ठरले. शीळफाटा ते घणसोली हा सुमारे ५ किलोमीटरचा भाग 'न्यू ऑस्ट्रियन टनेलिंग मेथड' या पद्धतीने करावयाचा होता. या पद्धतीत खडकाला छिद्रे पाडून नियंत्रित सुरुंग लावतात आणि खोदलेला भाग काँक्रीटचा फवारा व पोलादी खिळ्यांनी बांधून घेतात. पारसिकच्या डोंगराखाली हा बोगदा ११४ मीटर इतक्या कमाल खोलीवर जातो. उर्वरित १६ किलोमीटरसाठी तीन टीबीएमची योजना होती. खाडीखालील पाण्याचा दाब आणि मुंबईतील दाट वस्ती यांमुळे तेथे सुरुंगाचा मार्ग व्यवहार्य नव्हता.

शीळफाट्याकडील काम वेगाने पुढे गेले. मे २०२४ मध्ये घणसोलीजवळ ३९४ मीटरचा आडवा प्रवेशबोगदा पूर्ण झाल्याने खोदकामासाठी अतिरिक्त तोंडे मिळाली. २० सप्टेंबर २०२५ रोजी ४.८८ किलोमीटरचा भाग आरपार झाला. यासाठी लागणारी साधने आणि मनुष्यबळ देशात उपलब्ध होते.

टीबीएमच्या भागाची कथा वेगळी आहे. ही यंत्रे हेरेनक्नेश्ट या जर्मन कंपनीची, परंतु त्यांची निर्मिती चीनमधील ग्वांगचौ येथील कारखान्यात झालेली होती. ऑक्टोबर २०२४ मध्ये केंद्रीय वाणिज्यमंत्री पीयूष गोयल यांनी भारतभेटीवर आलेले जर्मनीचे तत्कालीन उपचान्सलर रॉबर्ट हाबेक यांच्याजवळ, जर्मन कंपनीची चीनमध्ये तयार होणारी ही यंत्रे चीन भारताला मिळू देत नाही, अशी तक्रार केली. २०२५ च्या मध्यापर्यंत यंत्रे चीनमध्येच अडकून असल्याची वृत्ते येत होती. ऑगस्ट २०२५ मध्ये चीनचे परराष्ट्रमंत्री वांग यी यांच्या दिल्लीभेटीत खते, दुर्मीळ खनिजे यांबरोबरच टीबीएमवरील अडथळे दूर करण्याचे आश्वासन मिळाल्याचे प्रसिद्ध झाले. खते व दुर्मीळ खनिजे यांच्या पंक्तीला बोगद्याचे यंत्र बसावे, यावरून त्याचे सामरिक मूल्य ध्यानात येते.

येथे कर्ज जपानचे, कंत्राटदार भारतीय आणि यंत्राची कंपनी जर्मन होती. चीन यांपैकी कोठेही नव्हता. तरीही उत्पादनाचे स्थान त्याच्या भूमीत असल्याने कामाची गती ठरविण्याचे सामर्थ्य त्याच्याकडे आले. सप्टेंबर २०२५ मध्ये जेव्हा सुरुंगाने खोदलेला भाग आरपार झाला, तोवर जागतिक उत्पादनसाखळीचा हा धडा त्याच बोगद्याच्या दुसऱ्या टोकाने दिलेला होता.

चिनी प्रतिमानाच्या मर्यादा

यावरून चीनचे अनुकरण करावे असा निष्कर्ष काढणे घाईचे ठरेल. २३ जुलै २०११ रोजी वनचौ येथे अतिजलद गाड्यांच्या अपघातात ४० जणांचा मृत्यू झाला. तत्पूर्वीच रेल्वेमंत्री लिऊ चिचून यांना पदच्युत करण्यात आले होते व २०१३ मध्ये भ्रष्टाचाराबद्दल त्यांना शिक्षा झाली. चीनच्या राष्ट्रीय रेल्वेवरील देणी ६ लाख कोटी युआनच्या पुढे गेली आहेत.

भारतात प्रकल्पाला वेगळ्या वाटेने जावे लागते. डिसेंबर २०२० मध्ये ठाणे महापालिकेच्या सर्वसाधारण सभेने शीळ परिसरातील जागा प्रकल्पास देण्याचा प्रस्ताव फेटाळला होता. महाराष्ट्रातील भूसंपादनास अनेक वर्षे लागली. खारफुटी तोडण्याच्या परवानगीसाठी मुंबई उच्च न्यायालयात जावे लागले आणि ती डिसेंबर २०२२ मध्ये मिळाली. या विलंबाची किंमत मोठी आहे. परंतु शेतकरी, लोकप्रतिनिधी आणि न्यायालय यांना प्रश्न विचारता येणे हा लोकशाहीचा खर्च आहे, आणि तो यंत्रावाचून झालेल्या विलंबाशी एकाच मापाने मोजता येत नाही. पहिला विलंब समाज स्वतःच्या विचारविनिमयासाठी स्वीकारतो. दुसरा दुसऱ्या देशाच्या इच्छेने त्याच्यावर लादला जातो.

समारोप

पारसिकच्या डोंगराने १८५४ मधील लोहमार्ग पाहिला आणि एकविसाव्या शतकातील अतिजलद मार्गही पाहिला. दोन्ही वेळी निर्णायक साधन समुद्रापलीकडून यावयाचे होते. मधल्या काळात भारताने स्वातंत्र्य मिळविले, इंजिने व डबे घडविले. परंतु खोदणाऱ्या यंत्राची साखळी अपूर्ण राहिली. चीनने तीच साखळी १९९७ नंतरच्या अल्पावधीत पूर्ण केली.

चीनचा यातील बोध वेगापेक्षा सातत्याचा आहे. दिल्ली, चेन्नई, पुणे, मुंबई, ठाणे अशा अनेक शहरांत भुयारी कामे चालू आहेत. एकत्र पाहिल्यास ही मागणी लहान नाही. मात्र प्रत्येक प्रकल्प आपापली यंत्रे स्वतंत्रपणे मागवितो आणि काम संपल्यावर तो अनुभव विखुरतो. ही मागणी एकत्र करून निर्मिती व ज्ञान यांची अट घालणे, आणि तंत्रशिक्षणसंस्थांना या क्षेत्राशी जोडून घेणे, हे काम कोणत्याही परदेशी कर्जकराराने होणारे नाही. कर्जाच्या अटी कितीही उदार असल्या तरी यंत्राच्या उपलब्धतेची हमी त्यांत मिळत नाही, हे शीळफाट्याच्या बोगद्याने दाखवून दिले आहे.