हेमाडपंतांच्या आधीचे हेमाडपंती

बुलढाणा जिल्ह्यात काळ्या दगडाचं जुनं देऊळ कुणी बांधलं असं विचारा, उत्तर ठरलेलं असतं: हेमाडपंतांनी. लोणारचं दैत्यसूदन, कोथळीचं महादेवाचं देऊळ, सातगाव भुसारीची देवळं, सगळी त्यांच्याच नावावर. दंतकथा तर अशी, की पंतांनी लंकेच्या बिभीषणाला दुखण्यातून उठवलं, त्याबदल्यात त्याचे राक्षस मागून घेतले आणि त्यांच्याकडून देवळं उभारून घेतली.

खरे हेमाद्रिपंडित यादवांचे श्रीकरणाधिप, राज्याच्या दफ्तराचे प्रमुख. १२६१ मध्ये गादीवर आलेल्या महादेवरायाच्या आणि पुढे रामचंद्ररायाच्या पदरी ते होते. ‘चतुर्वर्गचिंतामणि’सारखा अवाढव्य ग्रंथ त्यांच्या नावावर आहे, माणूस मोठाच. पण अंबरनाथच्या शिवालयातला शिलालेख शके ९८२चा, म्हणजे १०६०चा. तिथली बांधणीही या देवळांसारखीच, चुन्याशिवाय दगडात दगड अडकवलेली, आणि ती पंतांच्या दोनशे वर्षं आधीची. कारभाऱ्याचं नाव राहिलं, पाथरवटांचं गेलं, याची मला मनापासून हळहळ वाटते.

ग्रीकांकडे हे वेगळं घडलं. अथेन्सचं पार्थेनॉन इ.स.पू. ४४७ ते ४३२ या काळातलं. त्याचे स्थपती इक्टिनस आणि कॅलिक्रेटिस यांची नावं प्लूटार्कने लिहून ठेवली. इक्टिनसने त्या देवळावर ग्रंथही लिहिला होता. तिथेही सांध्यात चुना नाही. दगड लोखंडी पट्ट्यांनी जखडून वर शिसं ओतलेलं.

आपल्या पाथरवटांनी मुख्य भिस्त ठेवली ती दगडाच्या वजनावर आणि घडाईवर. एका शिळेला खाच, दुसरीला खुंटी. वरचा भार पडला की सांधा आणखी घट्ट बसतो. दैत्यसूदनाची भिंत ताऱ्याच्या कोनांनी सारखी वळत जाते. अशा भिंतीत कोनाकोनाचा दगड जागेच्या मापाने घडवावा लागतो, आणि त्यावरची मूर्ती लगतच्या थराशी जुळवावी लागते. छताची युक्ती तर फारच देखणी. चार खांबांवर तुळया टाकून चौकोन करायचा, त्याच्या चारही कोपऱ्यांवर तिरप्या शिळा ठेवायच्या, की आत तिरका फिरलेला लहान चौकोन उरतो. त्यावर पुन्हा तेच. शेवटी उरलेलं भोक एका कोरीव शिळेने झाकलं, की कमानीशिवाय आणि चुन्याशिवाय छत पुरं होतं.